उलटं धरलेलं पुस्तक

स्वीडनमधल्या त्या खेड्यात वाचता आल्याखेरीज लग्नाला परवानगी मिळत नसे. दर हिवाळ्यात पाद्रीबुवा कुणाच्या तरी घरी येऊन बसत आणि एकेकाकडून धर्मपुस्तक वाचून घेत. मार्ताला एकही अक्षर ओळखता येत नव्हतं. पण ऐकून ऐकून अख्खं पुस्तक तिला तोंडपाठ होतं. ओळींवरून बोट फिरवत ती असं घडाघडा म्हणे, की देवानेसुद्धा फसावं.

"रविवारी लग्न आहे ना तुझं?" पाद्रीबुवा म्हणाले. "वाच बघू."

तिने तोंड उघडताच समोरच्या बाकावरून होकन, तिचा होणारा नवरा, फिसकन हसला. "अगं वेडाबाई, पुस्तक उलटं धरलंयस!"

सगळं घर खिदळलं. मार्ता घाईघाईने पुस्तक सुलटं करू लागली. मोडलं लग्न!

"राहू दे उलटंच," पाद्रीबुवा शांतपणे म्हणाले. "वाच."

तिने खाली पाहिलं. आयुष्यात पहिल्यांदाच तिला ती अक्षरं लागली. पाठ केलेलं सारं विसरून ती वाचू लागली. "रविवारी होकन मोन्सनला मूठमाती दिली. वय तेवीस. प्रेत तळ्यावरचा बर्फ फोडून काढावं लागलं…"

घाबरून तिने ओठ घट्ट मिटून घेतले. तिचा आवाज मात्र वाचतच राहिला, शेवटच्या प्रार्थनेपर्यंत.

"शाब्बास पोरी," पाद्रीबुवा म्हणाले. "एक अक्षर चुकलं नाही."

सगळं घर एका सुरात म्हणालं, "आमेन."

सर्वांत मोठ्याने, अगदी आनंदाने, होकन म्हणाला.