गोष्ट सरळ करणारी डबी

"वहिनी, या डबीला घरातल्या माणसांची गोष्ट सांगू नकोस हं. वेडीवाकडी गोष्ट ती सरळ करते, आणि मग ती तशीच राहते," डबी देताना नणंदेने बजावलं होतं.

"मग आधी तुझ्या दादालाच घालते आत!" ती हसली होती.

आणि घातलाच. लेकीला भरवताना ती डबीपुढे सांगायची: बाबा उशिरा येतो, किल्ली विसरतो, राक्षसाचा आवाज काढता काढता शिंकतो. डबी तीच गोष्ट परत सांगायची, फक्त तिच्यातला बाबा वेळेवर यायचा.

मग तो खरंच वेळेवर येऊ लागला. किल्ली विसरेना, शिंकेना. रोज त्याच वाक्याला हसायचा आणि लेकीचा गालगुच्चा घ्यायचा, रोज त्याच गालाचा.

"आई, हा आपला बाबा नाहीये," लेक कुजबुजली.

तिने डबी कपाटात कोंडली. आज भांडी घासताना आतून आवाज आला, "आई हात पुसते. आईला आता कसलीच शंका येत नाही."

तिने खाली पाहिलं. हात पुसून झाले होते.

शंका जराशी उरली आहे, तोवर ती तुम्हाला विनवते आहे: माझ्या घरी या. मी हसून म्हणेन, सगळं छान आहे. तरी आत शिरा, लेकीला बघा. ती अजून हट्ट करत असेल, तर तिला उचलून बाहेर न्या.