वाऱ्याची दिशा

अठ्ठ्याण्णवच्या मे महिन्यात वाळवंटातल्या अणुस्फोटांची वार्ता आली आणि मांडवगण फराट्याच्या पारावर सर्जेराव हलगीच्या ठेक्यात पेढे वाटू लागले. भावजय पुतळाबाईंच्या हातावर पेढा ठेवत ते गर्जले, "आता शेजारच्या देशावर एक टाकूनच द्यावा! आपल्याला कुठं झळ लागतीया?"

सायंकाळी तोडणी झालेल्या आपल्या रानातले उसाचे वाळके पाचट जाळायला पुतळाबाईंनी काडीपेटी उघडली. बांधापलीकडे सर्जेरावांचा उभा ऊस सळसळत होता. धोतर सावरत ते धावत आले.

"वैनी, काडी वढू नका! वारं माझ्या उसाकडं हाय!"

पुतळाबाईंना हसू आवरेना.

 

"भावजी, तेवढी दिल्लीला तार करा. टाकायच्या आधी वारं कुणीकडं हाय ते बघा म्हनावं!"