तुह्यावाला उजेड

"कोंबडी तुह्यावाली, बाज तुह्यावाली, अन् ढेकनं तेवढी माह्यावाली!" रेडिओतली म्हातारी किंचाळली आणि ऑटीच्या ओसरीवर हसण्याचा एकच कल्ला झाला.

सगळ्यांत जास्त हसत होती ऑर्लीना. एप्रनच्या टोकानं डोळे पुसत होती. नवरा, होबर्ट, गेल्यापासून तिला असं हसताना कुणी पाहिलं नव्हतं. आज कारणही तसंच होतं. तिची ज्यूएल, या दरीतून शहराच्या रेडिओवर गेलेली पहिली पोर, आज बोलणार होती. काय बोलणार, ते पोरीनं सांगितलं नव्हतं. "हवामान-बिवामान वाचंन," असं ऑर्लीना घरोघरी सांगून आली होती. रेडिओ एकट्या ऑटीकडे, म्हणून सगळी वस्ती तिच्या ओसरीवर. हवामान यायचं तेव्हा येईल, तोवर ही म्हातारी काय वाईट होती?

केंटकीच्या या डोंगरांत शाळेतलं 'तुझं-माझं' चालत नाही. त्याला शेपूट लागतंच: 'युअर्न', 'हिजन', 'आवर्न'. आपल्या वऱ्हाडात 'तुह्यावालं', 'त्याच्यावालं' म्हणतात ना, अगदी तस्सं. आणि रेडिओतली म्हातारी ते शेपूट असं काही हलवत होती की बस!

"अवं, हे तं आपल्यावालीच हाये कोनी!" ऑटी म्हणाली.

मग म्हातारी नवऱ्याच्या मरणावर आली. "जल्म खाणीत गेला मेल्याचा. मरतानी द्याले होतं काय? मले म्हने, 'खिडकीतला उजेड तुह्यावाला.' म्या म्हटलं, मुडद्या, उजेड माह्यावाला, तं फुटकी काच कोनाच्यावाली?"

ओसरी पुन्हा हसून लोळली. ऑर्लीनानं मात्र एप्रनचं टोक खाली सोडलं.

ते शब्द होबर्टचे होते. छातीत कोळशाची धूळ साचलेली, श्वास पुरत नव्हता, तेव्हा तिच्या कानाशी लागून बोललेले. जन्मभर जमिनीखाली राबलेल्या माणसाकडे उजेडाइतकं मोलाचं दुसरं काही नव्हतं. तेच त्यानं बायकोला दिलं. ऑर्लीनानं हे एकाच जिवाला सांगितलं होतं. होबर्टचेच जुने सदरे फाडून दोघी मायलेकी गोधडी शिवत होत्या, तेव्हा. ज्यूएल तिच्या मांडीत डोकं घालून रडली होती.

"आपण ऐकत होता मिस ज्यूएल यांना," निवेदक म्हणाला.

"अवं बाप्पा! हे ज्यूएल होती?" ऑटीनं टाळ्या पिटल्या. "काय हुबेहूब व! पन आवाज कोनाचा काढला म्हनं पोरीनं?"

सगळ्यांनी ऑर्लीनाकडे एकदा पाहिलं आणि जो तो आपापली टोपी, आपापलं पोर शोधायला लागला. आवाज ऑर्लीनाचाच होता. पोटच्या पोरीनं मायचा गळा उचलून नेला होता, बापाचं मरण उचलून नेलं होतं, आणि ती येडी टाळ्या वाजवायला पहिल्या रांगेत बसली होती.

तसं ऑर्लीनाला पुस्तकी बोलणंही येत होतं. मिशनच्या शाळेत 'वालं' म्हटलं की छडी बसायची. पण ते बोलणं तिनं पाहुण्यांच्या कपबशीसारखं वर ठेवून दिलं होतं. कोर्टाचा माणूस आला, खाण कंपनीचा डॉक्टर आला, तरच खाली निघायचं. घरच्या माणसाशी कुणी पुस्तकी बोलतं का?

मे महिन्यातला रविवार आला. त्या दिवशी सगळी भावकी टेकडीवरच्या कबरींचं गवत काढते, फुलं वाहते, आणि तिथंच चादरी अंथरून जेवते. इथं मृत्युपत्र कुणी करत नाही. कुणाला काही द्यायचं तर याच दिवशी, चारचौघांत, 'हे तुह्यावालं' म्हणायचं. म्हटलं की झालं. बाहेरच्याला दिलं तर ते नुसतं देणं. 'तुह्यावालं' म्हटलं की तो माणूस घरचा. सदऱ्यांची गोधडी यंदा ज्यूएलला मिळणार, हे सगळ्यांना ठाऊक होतं.

ज्यूएल आली. उंच टाचा मातीत रुतत होत्या. "माय! ऐकलं का नं तू रेडिओ? साहेब लय खूश हाये. दर हप्त्याले बोलावते आता!"

"या," ऑर्लीना म्हणाली. "प्रवासानं थकला असाल. बसा. मक्याची भाकरी घ्या."

ज्यूएल खुदकन हसली. मायला गंमत सुचली, असं तिला वाटलं. पण आजूबाजूचे चमचे थांबले होते. ऑटी आपल्या ताटलीतल्या घेवड्याकडे बघत राहिली.

ऑर्लीनानं गोधडी आणून लेकीच्या मांडीवर ठेवली. "ही आता तुमची आहे."

"असं काहून बोलून रायली व, माय? मी का कंपनीचा डॉक्टर हावो?" ज्यूएलचा आवाज चिरकला. "लोकं जराशे हसले, त्यात का झालं? तुह्याच तं गोष्टी होत्या!" तिनं गोधडी छातीशी धरली. "'तुह्यावाली' म्हन नं. एकडाव म्हन. माय, तुह्या पाया पडतो."

ऑर्लीनानं होबर्टच्या कबरीकडे पाहिलं. खाली वाकून गोधडीची एक सुरकुती हातानं नीट केली. मग छडीच्या धाकानं शिकलेल्या त्या पुस्तकी इंग्रजीत ती म्हणाली,

"तो शब्दही आता तुमचाच आहे, मिस. आमच्याकडे नाही उरला."