‘सेंट पेट्रॉक’ची खूण

“खोटं बोललास तर पहिली गोळी तुला,” कप्तान ब्रॅमवेल म्हणाला.

म्हातारा जेगो सुतार फळीची फट बुजवत होता. त्यानं मान वर केली नाही.

इंग्लंडात राजा आणि पार्लमेंट यांच्यात युद्ध पेटलं होतं. तीन आठवड्यांपूर्वी ‘सेंट पेट्रॉक’ राजाचं जहाज होतं. ब्रॅमवेलच्या पार्लमेंटवाल्यांनी ते पकडलं, राजाच्या खलाशांना किनाऱ्यावर सोडलं. सुतार मात्र ठेवून घेतला. सुतार जहाजाचा असतो, मालक कुणी का असेना, ही सगळ्या आरमाराची रीत. संताच्या नावाचा त्यांना विटाळ, म्हणून नाव खरवडून टाकलं होतं. आज किल्ल्याला फसवायला तेच नाव पुन्हा रंगवलं होतं आणि वर राजाचा झेंडा चढवला होता. समोर कॉर्नवॉलचं पोलवेन बंदर. तिथल्या किल्ल्यावरही राजाचाच झेंडा.

“तिथं माझा डिगोरी तोफांवर गोलंदाज आहे,” जेगो म्हणाला. “एकुलता एक.”

“माहितीय. म्हणून तर विचारतोय. आत शिरायची खूण सांग. गुपचूप जाऊन किल्ला धरू, पोराच्या केसाला धक्का लागणार नाही. नाहीतर तोफांनी फोडून काढू. मग तुझा पोरगा कुठला, ते मला ओळखू यायचं नाही.”

“बायबलवर हात ठेवून बोला.”

“मलाच धर्म शिकवतोस होय रे, थेरड्या?” पण ब्रॅमवेलनं हात ठेवला.

जेगोला स्वतःची शिसारी आली. पस्तीस वर्षं त्यानं राजाचं मीठ खाल्लं होतं. पण राजाला पोरं बरीच होती.

“पुढचं शीड दोनदा खाली-वर,” तो म्हणाला. “मग डाव्या अंगाची एक तोफ, नुसत्या बारुदाची.”

जहाज माऱ्याच्या टप्प्यात आलं, तरी किल्ला गप्प होता. शीड दोनदा उतरलं, चढलं. डावीकडची तोफ वाजली.

आणि किल्ल्याच्या सगळ्या तोफा एकदम सुटल्या. मधली डोलकाठी कोसळली. एकोणीस माणसं जागच्या जागी गेली.

“हरामखोरा!”

“खरी होती, साहेब! डिगोरीची शपथ, खूण खरीच होती!”

ब्रॅमवेलनं त्याच्या छातीला पिस्तूल लावलं आणि चाप ओढला. तळात पाणी भरू लागलं, आणि ते अडवणारा सुतार उरला नव्हता.

शेवटी पांढरं फडकं वर गेलं. किल्ल्यातून होडी आली. तिच्यातला अधिकारी उभा राहून ओरडला,

“राजाच्या कुत्र्यांनो, पार्लमेंटच्या नावानं हत्यारं टाका! किल्ला पहाटेच आम्ही घेतला, झेंडा मुद्दाम तुमचाच ठेवला. तुमची खूण तुमच्याच डिगोरी गोलंदाजानं सांगितली, जीव वाचवायला!”