मांजरसुंब्याचा फोन

दुपारी दुसरी बाई दारात आली, तेव्हा पारूबाई अजून पहिलीच्याच धाकात होती.

पहिली सकाळी आली होती. डोळ्यांना काळा चष्मा, आवाजात जरब. चौसाळ्याच्या त्या दोन खोल्यांच्या घरात तिनं कपाट उचकलं, गाद्या उलथ्या केल्या, बुद्धाच्या मूर्तीमागंही हात घालून पाहिलं. "मुलगी आली की या नंबरवर कळवायचं. नाही कळवलंत, तर तुम्हीही आत जाल." एवढं बोलून ती गेली. कोण, कुठल्या खात्याची, काही सांगितलं नाही.

पौर्णिमा दिल्लीला सरकारी हापिसात भाषांतराचं काम करते, असं गावाला माहीत होतं. ती गुप्तचर खात्यात आहे, हे फक्त आईला ठाऊक होतं. अठरा दिवसांपूर्वी तिचा शेवटचा फोन आला होता. "आई, मोठ्या लोकांचं कायतरी माझ्या हाताला लागलंय. थोडे दिवस फोन करणार न्हाई. भिऊ नको." त्यानंतर तिचा फोन बंदच होता.

दुसरी बाई चपला बाहेर काढून आत आली. घर सगळं विस्कटलेलं होतं. तिनं वाकून एक गादी सरळ केली.

"मावशी, मी स्वप्नाली. पौर्णिमाच्याच हापिसात हाय. माझं माहेर पालीचं, धरणाजवळ. सकाळी कुणी आलतं का?"

"आलती एक. लई उर्मट."

स्वप्नालीचा चेहरा उतरला. "तीच ती. दुसऱ्या खात्याची. ते बी हेर, आमी बी हेर, पण आमच्यात विस्तव जात न्हाई. त्यांच्यातली दोन-चार माणसं देशाची गुपितं विकत होती. पौर्णिमानं ते हुडकून काढलं. आता आमच्या आधी ती त्यांच्या हाती लागली, तर..."

असलं सगळं पारूबाईनं टीव्हीवरच्या मालिकेत पाहिलं होतं. तिथं निदान कोण कुणाचं ते शेवटी कळायचं.

"तुमी तिच्या बाजूच्या, हे मी कशावरून समजू?"

"ताप आला की ती ज्वारीच्या कण्या मागते, मावशी. मी करून घालते. पण खाताना म्हणते, आईसारख्या न्हाई झाल्या."

पारूबाईनं पदर डोळ्यांना लावला. सकाळपासून पौर्णिमा जणू गुन्हेगारच होती. आता कुठं कुणीतरी तिच्याबद्दल लेकीसारखं बोलत होतं.

तेवढ्यात फोन वाजला. नंबर अनोळखी होता.

"आई, मी हाय. मांजरसुंब्याला, पुलाजवळच्या ढाब्यावर. मालकाचा फोन घेतलाय. घरी येऊ का? कुणी आलतं का?"

पारूबाईनं स्वप्नालीकडं पाहिलं. तिनं फोनला हात लावला नाही, की मागितला नाही. फक्त हळू आवाजात म्हणाली, "रस्त्यावर ती बाई दबा धरून असंल. पोरीला तिथंच थांबू द्या, मी गाडीनं घेऊन येते. पण तुमचं मन घेत नसंल, तर नका सांगू, मावशी."

त्या शेवटच्या वाक्यानं पारूबाईची उरलीसुरली शंका गेली.

"पौर्णिमा, तिथंच बस. मी गाडी धाडते. बाई चांगली हाय."

"आई, तुझी खात्री हाय ना?"

"हाय."

"मग थांबते."

पारूबाईनं मांजरसुंब्याचा ढाबा सांगितला, तशी स्वप्नाली तिच्या पाया पडली आणि भराभर निघाली. पारूबाईला राहवेना. ती मागोमाग रस्त्यापर्यंत गेली. वळणावर एक पांढरी गाडी उभी होती. स्वप्नालीनं पुढचं दार उघडलं आणि रोजची सवय असावी तशी आत बसली. चालवायला सकाळची बाई होती. स्वप्नाली काहीतरी म्हणाली, त्या बाईनं मान हलवली आणि गाडी मांजरसुंब्याच्या दिशेनं सुटली.

पारूबाई ओरडली. पानटपरीवरच्या दोघांनी वळून पाहिलं, एवढंच.

ती धावत घरी आली आणि ढाब्याच्या त्या नंबरवर फोन लावला. नुसती रिंग वाजत राहिली. पुन्हा लावला. पुन्हा तेच. शेजारच्या राधाकिशनची मोटारसायकल होती, पण तो बीडला गेला होता. एसटीला अजून पाऊण तास होता. पोलिसांना सांगावं, तर सांगावं काय? सरकारचीच माणसं तर घरी येऊन गेली होती. तिनं भिंतीला टेकून परत तोच नंबर दाबला.

पंचवीस मिनिटांनी ढाब्याच्या मालकानं फोन उचलला.

"जेवणाची गर्दी होती, मावशी. कोण पायजे?"

"ती पोरगी... तुमच्या फोनवरून बोलली ती... तिला म्हणावं, मागच्या दारानं नीघ. आत्ताच्या आत्ता!"

"ती व्हय? ती आत्ताच गेली की. लई घाबरलेली होती बिचारी, भिंतीकडं तोंड करून बसलती. गाडी आली तशी हसत उठली. म्हणली, माझ्या आईनं धाडलीय."