सगळ्यात जुनी आवृत्ती

लेकीने पाठवलेला नवा फोन दोघांपैकी कुणाचा, हे रविवारच्या पुरवणीतलं कोडं ठरवणार होतं: ज्याचं उत्तर बरोबर, त्याचा फोन. कोड्यातलं घर असं: आई, बाबा, दोन मुलं. चौघांचे चार फोन, सॉफ्टवेअरच्या चार आवृत्त्या. सगळ्यात जुनी कुणाकडे?

"आईकडे," गवार मोडत शोभनाताई म्हणाल्या.

"अगं, सूचना तरी वाच!"

"कशाला? मुलांनी टाकलेला फोन बाबांकडे, बाबांनी टाकलेला आईकडे. माझा हा तुमचाच ना?"

गजाननरावांनी तक्ता आखला, फुल्या मारल्या आणि तासाभराने उत्तर काढलं: बाबांकडे. खाली उलटं छापलेलं उत्तरही तेच होतं.

"म्हणजे ही माणसं आपल्याकडची नव्हेत," शोभनाताई म्हणाल्या. "घ्या, जिंकलात."

गजाननरावांनी नवा फोन बायकोच्या हातात दिला आणि तिचा तडकलेला स्वतःच्या खिशात टाकला.

"अहो, हे काय?"

"आपल्याही घरात उत्तर बरोबर यायला नको?"