थोरलीचं ताट

"हे अंजीर कोणासाठी?" उत्तर ठाऊक असूनही मोनालीनं विचारलं.

"सुरुचीसाठी," सासूबाई, यमुताई, म्हणाल्या. "तू हात नको लावू वं."

झालं! पंधरा दिवस नागपूरजवळच्या बेसातल्या त्या घरात हेच चाललं होतं. थोरल्या सुनेला सकाळी भिजवलेले बदाम, दुपारी पालक, भाकरीवर तुपाची धार, चार वाजता काटोलची संत्री, तीही सोलून. धाकट्या मोनालीला सकाळचं उरलेलं वरण.

कारण कुणी उच्चारत नव्हतं. दिवस गेले की तीन महिने भरेपर्यंत तोंडातून अवाक्षर काढायचं नाही, नजर लागते, हा यमुताईंचा दंडक. विचारायचंही नाही, नुसतं खाऊ घालायचं. पण लग्नाला सात वर्षं झाल्यावर सुरुचीचं ताट असं भरायला लागलं, त्याचा अर्थ शेजाऱ्यांनाही कळला असता.

मोनालीचा नुसता जळफळाट व्हायचा. आपल्यालाही कुणी जवळ बसवून दोन घास आग्रहानं वाढावेत, एवढंच तिला हवं होतं. तेवढंही मेलं नशिबात नाही!

शुक्रवारी पपई कापली, तर यमुताईंनी सुरुचीची वाटी मागं ओढली. "तुले नाही. मोनाली, तू खा सगळी."

म्हणजे नको असलेलं तेवढं माझ्या वाट्याला! मोनालीनं फोडी उचलल्या आणि दारातल्या गायीला घातल्या.

"आईले काय झालं, समजत नाही," सुरुची मागून हसत म्हणाली. "सात वर्षांत पहिल्यांदा माझे लाड करून राहिल्या."

"घ्या करून," मोनाली म्हणाली. किती तो साळसूदपणा!

शनिवारी स्वयंपाकघरात तिचा तोल सुटलाच. "आई, मले काहून नाही? मी काय परकी आहो?"

यमुताईंनी दार लोटलं. "हळू बोल. न्हाणीतल्या कचऱ्याच्या डब्यात मी पट्टी पाहिली. दोन रेघांची. तुम्ही दोघं तर दोन वर्षं थांबणार म्हणता. मंग सुरुचीचीच ना?"

मोनाली काही बोलणार, तोच बाहेरून सुरुचीचा आवाज आला. "आई, आजपासून देवपूजा मोनालीले करू द्या. माझी पाळी आली."

यमुताई मटकन खाली बसल्या. डोळे भरून आले.

मोनालीनं त्यांचे खांदे धरले.

"आई, ती पट्टी माझी होती."